आमदाराने राजीनामा दिला, तुमच्या भागात पोटनिवडणूक लागली: व्हिक्टोरियातल्या मराठी मतदारांनी काय काय करायचं

मेलबर्नमध्ये सिटिझनशिप घेतलेल्या आपल्या लोकांना फेडरल इलेक्शन माहीत असतं, कौन्सिलचं पोस्टाने येणारं पाकीट माहीत असतं, पण मधेच राज्याच्या एखाद्या आमदाराने राजीनामा दिला आणि फक्त आपल्याच भागात पोटनिवडणूक लागली की गोंधळ सुरू होतो. आपल्याला लागू आहे का, नाही गेलं तर काय होतं, ही एवढी नावं कोणाची, एकालाच १ लिहायचं की सगळ्यांना नंबर द्यायचे. ८ फेब्रुवारी २०२५ ला मेलबर्नमधल्या वेरिबी आणि प्राहरान अशा दोन जागांवर एकाच दिवशी पोटनिवडणूक झाली तेव्हा हेच प्रश्न परत परत ऐकले, म्हणून सगळं एका जागी लिहून ठेवतेय. माझं म्हणणं आधीच सांगते, दंड टाळायला म्हणून जाऊन काहीतरी नंबर टाकून यायचं हे काम नाहीये, त्या कागदावरचा प्रत्येक आकडा मोजला जाऊ शकतो आणि तो आपला आपण ठरवायचा असतो.

आधी ही निवडणूक लागते कशी ते बघू

व्हिक्टोरियाच्या विधानसभेत, म्हणजे लेजिस्लेटिव्ह असेंब्लीत ८८ जागा आहेत, एका मतदारसंघाचा एक आमदार. आमदाराने स्पीकरकडे लेखी राजीनामा दिला की जागा रिकामी, आणि मग पोटनिवडणुकीचा रिट, म्हणजे निवडणूक घ्यायचा अधिकृत आदेश, स्पीकरच काढतात. वरच्या सभागृहात ४० सदस्य असतात, तिथे कोणी राजीनामा दिला तर पोटनिवडणूक होत नाही, त्याच पक्षाच्या दुसऱ्या माणसाची नेमणूक दोन्ही सभागृहांच्या संयुक्त बैठकीत होते. त्यामुळे 'एमपीने राजीनामा दिला' अशी बातमी आली तर आधी बघा की कुठल्या सभागृहाचा.

अजून एक गोष्ट आपल्याकडच्या सवयीमुळे गोंधळात टाकते. भारतात आमदाराने स्वतःहून पक्ष सोडला तर पक्षांतरबंदी कायद्याने आमदारकी जाऊ शकते, म्हणून तिकडे लोक राजीनामा देऊन दुसऱ्या पक्षातून परत उभे राहतात. नारायण राणेंनी २००५ मध्ये शिवसेना सोडल्यावर मालवणची पोटनिवडणूक काँग्रेसकडून लढवली आणि जिंकली, गोव्यात २०१७ मध्ये विश्वजित राणेंनी वाळपईत तसंच केलं, आणि त्याच वेळी पणजीत सिद्धार्थ कुंकळ्येकरांनी मनोहर पर्रीकरांसाठी जागा मोकळी करून दिली. व्हिक्टोरियात असा कायदा नाही. प्राहरानचे आमदार सॅम हिबिन्स यांनी १ नोव्हेंबर २०२४ ला ग्रीन्स पक्ष सोडला, कारण ऑफिसमधल्या कर्मचाऱ्याबरोबरचं प्रेमप्रकरण बाहेर आलं होतं, पण तरी ते अपक्ष आमदार म्हणून राहू शकत होते, पोटनिवडणूक लागली ती त्यांनी नोव्हेंबरच्या शेवटी शेवटी आमदारकीच सोडली म्हणून. म्हणजे पक्ष सोडल्याची बातमी आली म्हणून लगेच यादीत नाव शोधायला धावू नका, आमदारकी सोडली का ते बघा. आणि इथे राजीनामा देणारा माणूस बहुतेक वेळा राजकारणच सोडत असतो. डॅनियल अँड्र्यूज यांनी प्रीमियरपद (म्हणजे राज्याचं मुख्यमंत्रिपद) आणि मलग्रेव्हची आमदारकी २७ सप्टेंबर २०२३ ला सोडली आणि १८ नोव्हेंबरला मतदान झालं. टिम पॅलस दहा वर्षं राज्याचे ट्रेझरर म्हणजे अर्थमंत्री होते, त्यांनी १६ डिसेंबर २०२४ ला जाहीर केलं, ६ जानेवारीला जागा सोडली आणि ८ फेब्रुवारीला वेरिबीत मतदान. साधारण एक ते अडीच महिन्यांत सगळं उरकतं, म्हणून बातमी कानावर आली की कामाला लागा.

तुमचा मतदारसंघ खरंच तोच आहे का

एका पत्त्यावर आपण तीन ठिकाणचे मतदार असतो. वेरिबीतलं घर घ्या, कौन्सिल विंडहॅम सिटी, राज्याचा मतदारसंघ वेरिबी, फेडरलला लेलर. आणि सबर्बचं नाव आणि राज्याचा मतदारसंघ हे जुळतीलच असं नाही. टार्निट आणि पॉइंट कुक हे राज्यात स्वतंत्र मतदारसंघ आहेत, तिथे आपली माणसं खूप राहतात, वेरिबीच्या पोटनिवडणुकीच्या पाट्या त्यांना रोज येता जाता दिसत होत्या पण मत त्यांना नव्हतं. अंदाजाने चालू नका, शेजाऱ्याला विचारू नका (रस्त्याच्या पलीकडची बाजू दुसऱ्या मतदारसंघात असू शकते), व्हिक्टोरियन इलेक्टोरल कमिशन म्हणजे व्हीईसीच्या वेबसाइटवर स्वतःचा पत्ता टाकून बघा, नाहीतर १३१ ८३२ ला फोन करा. इंग्रजीत बोलायला अडचण असेल, घरात आई-वडील सिटिझन झालेले असतील, तर १३१ ४५० या सरकारी दुभाषी सेवेवरून दुभाषी घेऊन बोलता येतं.

मत कोणाला? १८ पूर्ण झालेल्या ऑस्ट्रेलियन नागरिकाला, जो त्या पत्त्यावर किमान एक महिना राहतोय आणि यादीत आहे त्याला. पीआरवाल्यांना (कायम राहण्याचा व्हिसा आहे पण नागरिकत्व नाही अशांना) नाही, स्टुडंट व्हिसावर नाही, भेटीला आलेल्या आई-बाबांना अर्थातच नाही. पीआरवर असलेल्यांकडे अजून भारताचं नागरिकत्व असतं, त्यांना तिकडच्या यादीत ६-अ फॉर्म भरून ओव्हरसीज मतदार म्हणून नाव घालता येतं, पण मत द्यायला त्या गावी प्रत्यक्ष जावं लागतं, इथून देता येत नाही. आणि ज्यांनी इथलं नागरिकत्व घेतलंय त्यांचं भारतातलं मत संपलं, ओसीआय कार्डावर मताचा हक्क मिळत नाही, म्हणून आता जे काय मत आहे ते इथलंच आहे, ते तरी नीट वापरा असं मला मनापासून वाटतं.

यादीतलं नाव

सिटिझनशिप सेरेमनीला एनरोलमेंटचा फॉर्म हातात देतात, तो बहुतेक जण तिथेच भरतात, पण काही जण फोटो, लॅमिंग्टन, पाहुणे या गडबडीत फॉर्म पिशवीत टाकून घरी येतात आणि नंतर तो सापडत नाही. राज्य आणि फेडरलची नोंदणी एकाच अर्जात होते, ऑनलाइन दहा मिनिटांचं काम आहे. रिट निघाल्यानंतर सात दिवसांनी रात्री ८ वाजता यादी बंद होते, तेवढ्या आठवड्याभरात नवीन नाव घालता येतं आणि पत्ताही बदलता येतो.

पत्त्याचं खास सांगते कारण आपली माणसं भाड्याची घरं बदलत बदलत शेवटी स्वतःच्या घरात जातात, लायसन्सवरचा पत्ता बदलतात, बँकेत बदलतात, आणि यादीत मात्र जुनाच राहतो. मग पोटनिवडणूक जुन्या भागात लागते आणि नोटीस जाते जुन्या घरी. व्हीईसीची व्होटरअलर्ट नावाची फुकट सेवा आहे, त्यात फोन नंबर आणि ईमेल देऊन ठेवलं की तुमच्या भागात निवडणूक लागली की मेसेज येतो. हे आज करा, पोटनिवडणुकीची वाट बघत बसू नका.

शनिवारी जाणार, की आधी, की पोस्टाने

मतदान शनिवारी सकाळी ८ ते संध्याकाळी ६. इथे एक मोठा सापळा आहे, ऑक्टोबर २०२४ च्या कौन्सिल निवडणुकीत व्हिक्टोरियातल्या मतदारांना मतपत्रिका आपोआप घरी पोस्टाने आली, त्यामुळे बऱ्याच लोकांना वाटलं की चार महिन्यांनी वेरिबीची पण तशीच येईल. तशी येत नाही. राज्याच्या पोटनिवडणुकीत पोस्टाने मत द्यायचं असेल तर स्वतः अर्ज करायला लागतो, मतदानाच्या आधीच्या बुधवारी संध्याकाळी ६ पर्यंत, पण बुधवारपर्यंत थांबायचंच नाही, पोस्टाचा काही भरवसा नाही. भरलेली पत्रिका शनिवारी ६ च्या आत भरून झालेली पाहिजे आणि पुढच्या शुक्रवारी संध्याकाळपर्यंत व्हीईसीकडे पोचली पाहिजे. पाकिटावरचं डिक्लरेशन आणि सही विसरू नका, मत कितीही विचार करून दिलेलं असलं तरी पाकीटच नाकारलं तर ते मोजत नाहीत.

मला विचाराल तर अर्ली व्होटिंग सगळ्यात सोपं. मतदारसंघात एखादं केंद्र आधीचे काही दिवस उघडं असतं, शुक्रवारपर्यंत, कारण वगैरे सांगावं लागत नाही. शनिवारी मुलांचं क्रिकेट, मराठी शाळा, मंडळाचा कार्यक्रम काहीही असू शकतं, आदल्या मंगळवारी ऑफिसमधून येताना जाऊन या, रांगसुद्धा कमी असते. आणि सार्वत्रिक निवडणुकीत दुसऱ्या भागात असलात तरी जवळच्या कुठल्याही केंद्रावर मत देता येतं, ती सवय इथे धरू नका, पोटनिवडणुकीची केंद्रं त्याच मतदारसंघात असतात. तुम्ही त्या दिवशी बेंडिगोला लग्नाला असाल तर बेंडिगोच्या शाळेत काही नसणार.

भारतात गेलेल्यांचं काय, हा प्रश्न फेब्रुवारीच्या पोटनिवडणुकीत तर येतोच कारण डिसेंबर जानेवारीत अर्धी मंडळी तिकडे असतात. निघायच्या आधी अर्ली व्होटिंग सुरू झालं असेल तर मत देऊन जा. नसेल झालं तर पोस्टाने मागवता येतं पण पत्रिका पुण्याला वेळेत पोचून परत येणं अवघड आहे. तेही नाही जमलं तर बाहेर होतो हे कारण नंतर देता येतं, तिकीट किंवा बोर्डिंग पास ठेवून द्या. त्याबद्दल खाली लिहिलंय.

उमेदवारांकडे काय मागायचं

पोटनिवडणुकीने सरकार सहसा बदलत नाही. २०२२ च्या निवडणुकीत लेबर पक्षाला ८८ पैकी ५६ जागा होत्या, एक वेरिबी गेली असती तरी तेव्हाच्या प्रीमियर जॅसिंटा अॅलन यांचं लेबर सरकार राहिलंच असतं. आणि निवडून येणारा माणूस चार वर्षांसाठी येत नाही, उरलेल्या मुदतीपुरता येतो, कारण व्हिक्टोरियात सार्वत्रिक निवडणुकीची तारीख ठरलेली असते, दर चार वर्षांनी नोव्हेंबरचा शेवटचा शनिवार, २०२२ नंतरची म्हणजे २८ नोव्हेंबर २०२६. म्हणून काही जण म्हणतात की कशाला एवढं मनावर घ्यायचं. माझं मत अगदी उलट आहे, एरवी राज्यभर विखुरलेलं सगळं लक्ष काही आठवडे तुमच्या एका सबर्बवर असतं, मंत्री येतात, विरोधी पक्षनेते स्टेशनवर उभे राहतात, चॅनलवाले तुमच्या रस्त्यावरचा ट्रॅफिक दाखवतात. तुमच्या भागाचं काही अडलेलं असेल तर ते विचारायची यापेक्षा चांगली वेळ नाही.

फक्त प्रश्न बरोबर माणसाला विचारा. राज्याच्या हातात काय आहे तर सरकारी शाळा, हॉस्पिटलं, पोलीस, ट्रेन-ट्राम-बस, मोठे रस्ते, घरबांधणीचं प्लॅनिंग. व्हिसा, पीआरची रांग, आई-वडिलांचा पॅरेंट व्हिसा, इन्कम टॅक्स, मेडिकेअर हे सगळं कॅनबेराचं, म्हणजे फेडरल सरकारचं. आपल्या लोकांकडून राज्याच्या उमेदवाराला पॅरेंट व्हिसाबद्दल विचारलं जातं, तो गोड बोलून मान हलवतो आणि पुढे काही होत नाही कारण त्याच्या हातात ते नसतंच. त्याऐवजी वेरिबीसारख्या ठिकाणी विचारा की विंडहॅम व्हेल आणि टार्निटवरून जाणारी व्ही-लाइनची (राज्याच्या लांब पल्ल्याच्या रेल्वेची) गाडी डिझेलचीच किती दिवस राहणार, त्या मार्गाच्या विद्युतीकरणाचं बोलणं कधीपासून चाललंय, नवीन इस्टेटमध्ये घरं आधी आणि शाळा, बस नंतर असं का होतं, हॉस्पिटलच्या इमर्जन्सीत किती तास थांबायचं. लेखी उत्तर मागा, ईमेल करा. जो उमेदवार तुमच्या दोन ओळींच्या ईमेलला निवडणुकीच्या आधी उत्तर देत नाही तो नंतर देईल असं मी धरणार नाही.

उभं राहायचं असेल तर, हे थोडक्यात, अपक्षाला त्या मतदारसंघातले सहा मतदार सूचक लागतात आणि ३५० डॉलर डिपॉझिट, ४ टक्के पहिल्या पसंतीची मतं मिळाली की ते परत मिळतं. एवढं सोपं असल्यामुळेच पत्रिकेवर नावं खूप असतात, वेरिबीत दहाच्या वर उमेदवार होते.

केंद्रावर गेल्यावर

दाराच्या अलीकडे वेगवेगळ्या रंगांचे टीशर्ट घातलेली माणसं तुमच्या हातात कागद देतील. त्यांना हाऊ-टू-व्होट कार्ड म्हणतात, त्यावर त्या पक्षाला हव्या त्या क्रमाने सगळे नंबर घालून छापलेले असतात. मतदानाच्या दिवशी केंद्रापासून ४०० मीटरच्या आत वाटायची कार्डं व्हीईसीकडे नोंदवलेली असावी लागतात, म्हणजे ती अधिकृतपणे त्या पक्षाचीच असतात, पण ती सूचना आहे, हुकूम नाही. घ्या, सगळ्यांची घ्या, किंवा एकाचंही घेऊ नका, तसंच आत जा, कोणी अडवत नाही. ओळखीचा माणूस उभा असला, मंडळातले काका असले आणि हातात कार्ड देत असले तरी आत काय लिहायचं ते तुम्हीच ठरवायचं, आणि बाहेर आल्यावर कोणाला सांगायचंही नाही.

आत टेबलावर तीन गोष्टी विचारतात, पूर्ण नाव काय, राहता कुठे, आणि या निवडणुकीत आधी मत दिलंय का. ओळखपत्र मागत नाहीत. बोटाला शाईही लावत नाहीत. पहिल्यांदा जाणाऱ्यांना हे फार विचित्र वाटतं पण पद्धतच तशी आहे. आपलं नाव स्पष्ट सांगा, गरज पडली तर आडनावाचं स्पेलिंग सांगा, आपली लांबलचक नावं शोधायला त्यांना वेळ लागतो, घाई करू नका, त्यांनी खूण केली ती ओळ तुमचीच आहे ना तेही बघा, एकाच घरात सासरा-सून किंवा दोन भाऊ एकाच आद्याक्षराचे असले की तिथे चूक होऊ शकते. वाचायला किंवा लिहायला त्रास असलेल्या माणसाबरोबर सोबतीच्या माणसाला मदत करता येते, अधिकारीही मदत करतात. लहान मुलांना घेऊन जा, चालतं. शाळेत केंद्र असेल तर बाहेर पॅरेंट्स कमिटीचा सॉसेजचा स्टॉल असतो, शाकाहारी असाल तर कांदा आणि ब्रेड मिळतो, पैसे शाळेला जातात.

नंबर कसे लिहायचे, हा सगळ्यात महत्त्वाचा भाग

भारतात एकाच नावासमोरचं बटण दाबायचं आणि ज्याला सगळ्यात जास्त मतं तो जिंकला, मग ती ३० टक्के का असेनात. इथे जिंकायला अर्ध्यापेक्षा जास्त मतं लागतात. पहिल्या पसंतीत कोणालाच तेवढी नाही मिळाली तर सगळ्यात कमी मतांचा उमेदवार बाद होतो, त्याच्या गठ्ठ्यातला प्रत्येक कागद त्या मतदाराने ज्याला २ लिहिलंय त्याच्याकडे जातो, मग पुढचा बाद, त्याचे कागद पुढच्या पसंतीला, असं दोन उरेपर्यंत. कागद कुठे जाणार हे पक्ष ठरवत नाही, तुम्ही लिहिलेला आकडा ठरवतो. उमेदवार 'आमची मतं अमक्याला देतो' असं म्हणतो त्याचा अर्थ इतकाच की त्याच्या कार्डावर तसा क्रम छापलाय.

व्हिक्टोरियाच्या विधानसभेसाठी सगळे चौकोन भरायचे, १ पासून शेवटपर्यंत, आकडा रिपीट नाही, मधला आकडा गाळायचा नाही. टिक नाही, फुली नाही, एकच १ लिहून सोडायचं नाही. ११ उमेदवार असतील तर ११ आकडे. सिडनीतल्या बहिणीला विचारू नका, न्यू साउथ वेल्समध्ये एकच १ लिहिलं तरी चालतं, तिथे १३ सप्टेंबर २०२५ ला कायामात गॅरेथ वॉर्ड यांच्या राजीनाम्यानंतर जी पोटनिवडणूक झाली ती त्या नियमाने झाली, आणि फेब्रुवारी २०२२ मध्ये ग्लॅडिस बेरेजिक्लियन वगैरे चार आमदारांच्या जागा भरताना तर कोविडमुळे सगळ्यांना घरपोच पोस्टल पत्रिका पाठवल्या होत्या. दर राज्याचं वेगळं आहे, म्हणून तिकडची माहिती इकडे फॉरवर्ड करू नका.

आता याने खरंच फरक पडतो का, तर प्राहरानचं २०१४ चं बघा. लिबरल पक्षाचे क्लेम न्यूटन-ब्राऊन पहिल्या पसंतीत ४५ टक्क्यांच्या आसपास, खूप पुढे. लेबर दुसरा, ग्रीन्सचे सॅम हिबिन्स तिसरे, दोघंही पंचवीस टक्क्यांच्या आसपास. छोट्या उमेदवारांचे कागद वाटत गेले तसे हिबिन्स लेबरच्या पुढे गेले, फक्त ३१ मतांनी. मग लेबर बाद, लेबरचे बहुतेक कागद हिबिन्सकडे, आणि शेवटी ते २७७ मतांनी निवडून आले. तिसऱ्या नंबरचा माणूस आमदार झाला आणि ते ठरलं लोकांनी ज्यांना ४, ५, ६ असे आकडे दिले होते त्यावर. दहा वर्षांनी त्याच हिबिन्स यांच्या राजीनाम्यानंतर तिथेच उलट झालं, २०२५ ला लेबरने उमेदवारच दिला नाही, लेबरचेच माजी आमदार टोनी लप्टन अपक्ष उभे राहिले आणि त्यांच्या कार्डावर लिबरल ग्रीन्सच्या वर होता, आणि लिबरलच्या रेचल वेस्टअवे जिंकल्या, ग्रीन्सची जागा गेली. ज्या लेबरच्या मतदाराने कार्ड न बघता स्वतः क्रम लावला त्याचा कागद त्याने सांगितलेल्या माणसाकडेच गेला.

वेरिबीत त्याच दिवशी लेबरची पहिल्या पसंतीची मतं २०२२ च्या मानाने १५ टक्क्यांहून जास्त घसरली, तरी जॉन लिस्टर लिबरलच्या स्टीव्ह मर्फींच्या थोडेसे पुढे राहिले, ५१ टक्केसुद्धा नाही, कारण बाद झालेल्या उमेदवारांचे पुरेसे कागद त्यांच्याकडे आले. एरवी ज्या जागेवर लेबर आरामात ६० टक्क्यांवर असायची तिथे.

म्हणून मी सांगते ती पद्धत अशी. आदल्या रात्री घरी बसून व्हीईसीच्या वेबसाइटवरची उमेदवारांची यादी एका कागदावर उतरवा, पत्रिकेवर ज्या क्रमाने आहे त्याच क्रमाने. ज्याला मनापासून निवडायचंय त्याला १. जो अजिबात नको त्याला शेवटचा आकडा. मग स्वतःला विचारा की शेवटी बहुतेक कोणते दोन उरतील, आणि त्या दोघांत तुम्हाला कोण जास्त चालेल, तो दुसऱ्याच्या वर आहे ना एवढं नक्की करा, तुमचा १ कुठल्याही छोट्या उमेदवाराला असला तरी. मधले भरायला मग सोपं जातं. आपलं मत वाया जाईल म्हणून आवडता छोटा उमेदवार सोडून मोठ्याला १ द्यायची इथे गरज नाही, हा या पद्धतीचा सगळ्यात चांगला भाग आहे आणि आपल्या लोकांना तो पुरेसा माहीत नाही याचं मला वाईट वाटतं. नवराबायकोत चर्चा जरूर करा पण कागद दोन करा, घरातल्या एकाने ठरवलं आणि सगळ्यांनी तेच उतरवलं असं नको. सासूबाईंना इंग्रजी नावं वाचायला वेळ लागत असेल तर त्यांना प्रत्येक उमेदवाराबद्दल मराठीत सांगा आणि मग त्यांचा क्रम त्यांना लावू द्या.

तो कागद खिशात घेऊन जा, आत न्यायला बंदी नाही. पेन्सिल तिथे असते, स्वतःचं पेन वापरलं तरी चालतं. लिहून झालं की एकदा आकडे मोजा, ५ दोनदा आलाय का, ८ राहिलाय का. चुकलं तर खाडाखोड करत बसू नका, टेबलावर जाऊन सांगा, ती पत्रिका परत घेतात आणि नवीन देतात. पेटीत टाकल्यावर मात्र काही करता येत नाही.

मोजणी

संध्याकाळी ६ ला दारं बंद झाली की तिथेच हाताने मोजायला सुरुवात होते, आधी पहिली पसंती, मग दोन प्रमुख उमेदवार धरून अंदाजाची मोजणी. रात्री ८-९ पर्यंत बातम्यांत चित्र दिसायला लागतं. पण अंतर कमी असेल तर त्या रात्रीचा आकडा अंतिम धरू नका, पोस्टाची पाकिटं पुढच्या शुक्रवारपर्यंत येत असतात. वेरिबीचं तसंच झालं, शनिवारी रात्री निकाल लागलाच नाही, काही दिवस थांबावं लागलं. तेवढ्यात ग्रुपवर कोणी जिंकला म्हणून पेढे वाटत असेल तर आधी व्हीईसीच्या साइटवर 'डिक्लेअर' झालंय का बघा.

मत द्यायचं राहिलं तर

मतदान सक्तीचं आहे, पोटनिवडणुकीतसुद्धा. नाही दिलं तर काही आठवड्यांनी पत्र येतं की तुम्ही मत दिलेलं दिसत नाही, कारण सांगा. २०२५ मध्ये दंड १०० डॉलरच्या आसपास होता. पत्र आलं तर घाबरू नका आणि टाकूनही देऊ नका. आजारी होता, हॉस्पिटलात होता, देशाबाहेर होता, खरं असेल ते लिहून मुदतीत पाठवा, कागद जोडा. मत दिलं होतं आणि तरी पत्र आलं असेल तर कुठल्या केंद्रावर कधी दिलं ते लिहा. माहीतच नव्हतं या कारणावर सुटका होईल असं धरू नका. आणि पत्राला उत्तरच दिलं नाही तर रक्कम वाढत जाते.

निकाल लागल्यावर नव्या आमदाराचं ऑफिस तुमच्याच भागात असतं, फोन नंबर संसदेच्या वेबसाइटवर मिळतो. प्रचारात तुम्हाला ज्या ईमेलने उत्तर दिलं होतं तो ईमेल काढा, पहिल्या महिन्यातच त्यालाच रिप्लाय करून विचारा की याचं पुढे काय करताय, आणि भेटायची वेळ मागा. मुदत कमी असते, सार्वत्रिक निवडणुकीत त्यांना परत तुमच्याच दारात यायचं असतं, त्यामुळे पोटनिवडणुकीतून आलेला आमदार वेळ देण्याची शक्यता जास्त असते. चार-पाच घरं मिळून गेलात, बसचा किंवा शाळेचा एकच मुद्दा घेऊन गेलात आणि जाताना तो एका पानावर लिहून नेलात तर बोलणं नीट होतं.